सोंगाड्याची सनद : दादा कोंडके यांची रंगभाषा आणि राजकीय भाषा

नट राजकारणात उतरला म्हणजे त्याच्याविषयी दोन प्रकारचे लेखन होऊ लागते : एक गौरवाचे आणि दुसरे निर्भर्त्सनेचे. दोहोंतही त्याचे चरित्र सांगितले जाते, त्याच्या लोकप्रियतेची मोजदाद होते आणि अखेरीस त्याच्या बाजूने वा विरुद्ध निर्णय दिला जातो. परंतु ज्या साधनाने त्याने प्रेक्षकांची मने जिंकली, ते साधन रंगमंचावरून सभामंचावर नेले असता त्याचे काय होते, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. हे साधन पुष्कळदा भाषा हेच असते. यास्तव हा प्रश्न भाषाभ्यासकाच्या कक्षेत येतो. प्रस्तुत लेखात तो कै. दादा कोंडके यांच्या उदाहरणावरून मांडण्याचा विचार आहे.

या उदाहरणाकडे लक्ष वळण्यास एक स्थानिक कारण घडले. प्रस्तुत लेखकाचे बालपण मनमाड येथे गेले. मनमाड हे रेल्वेचे मोठे संधिस्थान. मुंबईहून भुसावळकडे जाणारा मार्ग, दौंडकडे उतरणारा फाटा आणि औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) येथून मराठवाड्यात शिरणारा मार्ग तेथे एकत्र येतात. साहजिकच गावाची बोली एकजिनसी नाही. उत्तरेस मालेगाव-बागलाणकडची अहिराणी, पश्चिमेस नाशिककडची मराठी, पूर्वेस मराठवाड्याची मराठी आणि रेल्वेच्या चाळींतून ऐकू येणारी हिंदी-उर्दू, असा तो मेळ आहे. असे असूनही गावात कोणी ‘खेडवळ’ बोलण्याची नक्कल करू लागला, की तो यांपैकी एकही बोली न उचलता हटकून दादा कोंडके यांच्यासारखा बोलत असे. ‘ह्यो’, ‘त्यो’, ‘न्हाई’, ‘आये’ ही रूपे त्याच्या तोंडी येत. घरात अहिराणीतील ‘हाऊ’ आणि ‘शे’ वापरणारा माणूसही नक्कल करताना ‘ह्यो’ आणि ‘हाय’ म्हणे. ही रूपे त्याच्या बोलीतील नव्हती. तरी ती त्याला परकी वाटत नव्हती. या लहानशा निरीक्षणात पुढील विवेचनाचे बीज आहे.

१. चरित्राचा आराखडा

कृष्णा उर्फ दादा कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२ रोजी मुंबईच्या नायगाव भागात, गिरणी कामगारांच्या वस्तीत झाला. घराण्याचे मूळ गाव भोरजवळील इंगवली. म्हणजे ज्या नटाला पुढे महाराष्ट्राने खेड्यातील भाबड्या माणसाचा प्रतिनिधी मानले, तो जन्माने आणि संगोपनाने मुंबईच्या चाळीतील होता. तरुणपणी त्यांनी ‘अपना बाजार’ या सहकारी ग्राहक भांडारात नोकरी केली, बँड पथकात वाद्ये वाजविली आणि राष्ट्र सेवा दलाच्या सांस्कृतिक कार्यात भाग घेतला. सेवा दल ही समाजवादी विचारांची संघटना, आणि तिच्या कलापथकाने लोकनाट्याचा उपयोग जाणीवपूर्वक राजकीय प्रबोधनासाठी केला होता. पु. ल. देशपांडे यांचे ‘पुढारी पाहिजे’ हे लोकनाट्य याच परंपरेतील होय.

दादांना नट म्हणून मान्यता मिळाली ती १९६५ साली रंगभूमीवर आलेल्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या वगनाट्यामुळे. वसंत सबनीस यांच्या या संहितेचे आधीचे नाव ‘छपरी पलंगाचा वग’ असे होते. त्याचे पंधराशेहून अधिक प्रयोग झाले. पुढे भालजी पेंढारकर यांच्या ‘तांबडी माती’ (१९६९) या चित्रपटातून त्यांनी पडद्यावर प्रवेश केला आणि १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ या स्वतःच्या निर्मितीने यश मिळविले. त्यानंतर ‘एकटा जीव सदाशिव’ (१९७२), ‘आंधळा मारतो डोळा’ (१९७३), ‘पांडू हवालदार’ (१९७५), ‘राम राम गंगाराम’ (१९७७) अशी रांग लागली. त्यांच्या नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव साजरे केल्याची नोंद गिनेसच्या विक्रमग्रंथात झाल्याचे सर्वश्रुत आहे. याच काळात ते शिवसेनेचे उघड समर्थक आणि प्रचारक बनले. पक्षाच्या सभांतून त्यांनी भाषणे केली. मात्र आमदार वा खासदार ते कधीच झाले नाहीत. १४ मार्च १९९८ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

सेवा दलाच्या कलापथकापासून शिवसेनेच्या सभेपर्यंतचा हा प्रवास वरवर पाहता विचारांच्या एका टोकाहून दुसऱ्या टोकाला गेलेला दिसतो. परंतु भाषेच्या अंगाने पाहिल्यास त्यात एक सलगता आढळते. ती कोणती, हे पाहण्यासाठी प्रथम सोंगाड्या या पात्राचे स्वरूप ध्यानात घ्यावयास हवे.

२. सोंगाड्याला मिळालेली सूट

तमाशाच्या फडात गण, गवळण, बतावणी आणि वग असा क्रम असतो. यांतील बतावणी आणि वग यांचा प्राण सोंगाड्या. वगातील राजा, प्रधान आणि कोतवाल संहितेने बांधलेले असतात. सोंगाड्या मात्र वाटेल तेव्हा संहितेबाहेर पडतो, प्रेक्षकांशी बोलतो, त्या दिवशीच्या वर्तमानपत्रातील बातमी राजाच्या दरबारात आणून टाकतो. राजाच्या तोंडावर राजाची चेष्टा करण्याची त्याला मुभा असते. या मुभेलाच येथे ‘सनद’ म्हटले आहे. संस्कृत नाटकातील विदूषकाकडेही अशीच सनद असे. तोही राजाजवळ बसून प्राकृतात बोलतो. भाषेने तो दरबाराचा नसून बाहेरच्या लोकांचा असतो.

या सनदेला दोन अटी असतात. पहिली अट अशी, की सोंगाड्याने स्वतः सत्ता मागू नये. दुसरी अशी, की त्याच्या विनोदाचा रोख वरच्या दिशेने, म्हणजे सत्तेच्या दिशेने असावा. ‘विच्छा माझी पुरी करा’मध्ये या दोन्ही अटी पाळलेल्या दिसतात. तेथे कोतवालाच्या रिकाम्या जागेवर प्रधानाच्या वशिल्याने नेमणूक होते आणि डावलला गेलेला हवालदार नव्या कोतवालाची फजिती घडवून आणतो. कथा राजेशाहीतील, परंतु वशिल्याचा अनुभव स्वातंत्र्योत्तर काळातील प्रत्येक प्रेक्षकाच्या परिचयाचा. त्या अनुभवावर दादांनी चालू राजकारणातील उत्स्फूर्त कोपरखळ्यांची भर घातली. सत्ताधारी काँग्रेस पक्ष हे त्यांचे आवडते लक्ष्य होते. प्रयोग जुना होत नसे याचे कारण त्याचा एक भाग रोज नव्याने रचला जात असे.

सोंगाड्या आणि राजकारण यांचे हे नाते दादांपासून सुरू झालेले नाही. सत्यशोधक जलशांनी तमाशाचा घाट घेऊन त्यातील आशय बदलला, आणि आंबेडकरी जलशांनी तो वारसा पुढे नेला. नाशिक जिल्ह्यातील भीमराव कर्डक यांचे नाव त्या इतिहासात अग्रभागी आहे. १२ आणि १३ फेब्रुवारी १९३८ रोजी मनमाड येथे जी. आय. पी. रेल्वेवरील दलित कामगारांची परिषद भरली होती. तीत डॉ. आंबेडकरांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगारांचे दोन शत्रू असल्याचे प्रतिपादिले. हाच विचार निरक्षर श्रोत्यांपर्यंत नेण्याचे काम त्या काळात जलशातील संवाद करीत. जलशातील विनोदी पात्र एका चळवळीशी बांधलेले होते. तरी त्याची सनद रद्द झाली नाही, कारण त्याच्या विनोदाचा रोख वरच्याच दिशेने राहिला. म्हणजे पक्ष वा चळवळ यांच्याशी संबंध जडल्याने सनद आपोआप जात नाही, हे येथे नमूद करून ठेवावयास हवे.

३. कोणाचीच नसलेली, म्हणून सर्वांची बोली

आता मनमाडच्या निरीक्षणाकडे वळू. दादांच्या पात्रांची भाषा ही कोणत्या प्रदेशाची बोली आहे? ‘ह्यो’, ‘त्यो’, ‘हाय’, ‘व्हता’ ही रूपे आणि ‘ण’च्या जागी ‘न’ हा उच्चार ही पुणे-सातारा बाजूच्या ग्रामीण बोलीची लक्षणे आहेत. परंतु त्यांच्या जोडीला मुंबईच्या गिरणगावातील शब्दकळा, तमाशाच्या फडातील ठरीव संबोधने आणि प्रमाण मराठीची वाक्यरचना यांचेही मिश्रण त्यात आहे. कोणत्याही एका गावात ही भाषा जशीच्या तशी बोलली जात नाही. ती रंगमंचावर घडलेली, रंगमंचापुरती ‘ग्रामीण’ अशी बोली आहे. आपण तिला रंगबोली म्हणू.

अशा बोलीचे सामर्थ्य तिच्या अनिश्चिततेत असते. खऱ्याखुऱ्या बोलीत बोलणारा माणूस श्रोत्यांची विभागणी करतो : काहींना तो आपला वाटतो, इतरांना परगावचा. रंगबोलीने अशी विभागणी होत नाही. ती मनमाडच्या माणसाला दक्षिणेकडची वाटली तरी शहरी वाटत नाही, आणि तिला ‘आपल्या बाजूची’ ठरविण्यास एवढे पुरते. येथे भेद बोली आणि बोली यांच्यातील नसून ‘शिकलेल्यांची भाषा’ आणि ‘आपली भाषा’ यांच्यातील आहे. चित्रपटाच्या प्रती जिल्ह्याजिल्ह्यांतून फिरू लागल्यावर हा भेद सर्व महाराष्ट्रभर एकाच आवाजात ऐकू येऊ लागला.

१९ जून १९६६ रोजी स्थापन झालेल्या शिवसेनेने ‘मराठी माणूस’ ही कल्पना राजकारणाच्या केंद्रस्थानी आणली. हा ‘मराठी माणूस’ही जात, जिल्हा आणि बोली यांच्या पलीकडचा, काहीसा रचलेला होता. मुंबईत जन्मलेल्या नटाने रचलेली रंगबोली आणि मुंबईत जन्मलेल्या पक्षाने रचलेला ‘मराठी माणूस’ यांची गाठ पडली, यात म्हणूनच नवल वाटू नये. दोहोंची घडण एकाच प्रकारची होती.

४. अर्थ पुरा करणारा श्रोता

दादांच्या भाषेचे दुसरे वैशिष्ट्य म्हणजे द्व्यर्थ. त्याची चर्चा बहुधा नीतीच्या अंगाने होते; त्याचे व्याकरण मात्र दुर्लक्षित राहते. त्यांच्या चित्रपटांची नावेच उदाहरणादाखल घेऊ. ‘आली अंगावर’ या नावात कर्ता नाही. मराठी क्रियापद कर्त्याचे लिंग आणि वचन दाखविते, म्हणून कर्ता गाळूनही वाक्य उभे राहते. ‘आली’ या रूपातून स्त्रीलिंगाचा सुगावा लागतो आणि उरलेले श्रोता भरून काढतो. ‘अंगावर येणे’ या वाक्प्रचाराला हल्ला होणे, जबाबदारी येऊन पडणे असे निर्दोष अर्थ आहेतच. ‘येऊ का घरात’ येथे उलट युक्ती आहे. ‘येऊ’ हे प्रथमपुरुषी रूप बोलणाऱ्याचे लिंगही सांगत नाही. कोण कोणाला विचारतो, हे सर्वस्वी ऐकणाऱ्यावर सोपविलेले आहे. ‘मुका घ्या मुका’ या नावात ‘मुका’ हा शब्द विशेषण म्हणून एक अर्थ देतो आणि नाम म्हणून दुसरा; दोन वेगळ्या शब्दांचा उच्चार एकच असल्याने साधलेला हा श्लेष आहे.

तिन्ही ठिकाणी तत्त्व एकच : वाच्यार्थ निर्दोष ठेवावयाचा आणि व्यंग्यार्थ श्रोत्याकडून पुरा करून घ्यावयाचा. चित्रपट परीक्षण मंडळाशी दादांचे जे वाद झाले, त्यांतही त्यांचा बचाव साधारणतः हाच असे, की शब्दांत काही वावगे नाही, वावगे असेल ते ऐकणाऱ्याच्या मनात आहे. हा बचाव हास्यास्पद मानण्याचे कारण नाही. व्यंजनाव्यापाराचे ते बरेचसे अचूक वर्णन आहे. मम्मटानेही अश्लील हा दोष मानताना लज्जा, जुगुप्सा आणि अमंगल यांची व्यंजना करणारा, असे त्याचे तीन प्रकार सांगितले आणि विशिष्ट प्रसंगी तो दोष गुणही ठरतो असे मान्य केले. म्हणजे अश्लीलता शब्दात नसून शब्द, प्रसंग आणि श्रोता यांच्या संबंधात असते, हे आपल्या काव्यशास्त्राला ठाऊक होते.

परंतु या बचावाची एक बाजू झाकलेली राहते. चित्रपटगृहात अर्थ मनातल्या मनात पुरा होत नाही. तो हशाच्या रूपाने चारचौघांत पुरा होतो. हसणारा प्रत्येक जण ‘मला कळले’ अशी ग्वाही शेजाऱ्याला देतो, आणि त्या ग्वाहीने सर्व जण एका कटात सामील होतात. हा कट प्रधानाविरुद्ध वा कोतवालाविरुद्ध असेल तोवर सनदेची दुसरी अट पाळली जाते. पण ज्या द्व्यर्थी विनोदाचा विषय स्त्रीचे शरीर असते, तेथे रोख खाली वळलेला असतो. दादांच्या उत्तरकालीन चित्रपटांत राजकीय कोपरखळ्यांचे प्रमाण घटत जाऊन अशा विनोदाचे वाढत गेले, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. सनद झिजू लागली ती येथे, अभिरुचीच्या नव्हे तर दिशेच्या प्रश्नावर.

५. कोहिनूर आणि त्यानंतर

१९७१ मधील प्रसंग सुप्रसिद्ध आहे. ‘सोंगाड्या’ दादर येथील कोहिनूर चित्रपटगृहात लागावयाचा होता. तेथे देव आनंद यांच्या ‘तेरे मेरे सपने’ या हिंदी चित्रपटाला प्राधान्य देण्यात आले. दादांनी बाळासाहेब ठाकरे यांच्याकडे धाव घेतली, शिवसैनिकांनी निदर्शने केली आणि ‘सोंगाड्या’ झळकला. मुंबईत मराठी चित्रपटाला चित्रपटगृह मिळू नये, ही तक्रार खरी होती आणि तिला दाद मिळाली, हेही खरे. पण त्याचबरोबर एक देणे उभे राहिले. आजवर ज्याच्या हाती केवळ शब्द होता, त्याच्या पाठीशी आता एक जमाव उभा होता.

यापुढील दादांची राजकीय भूमिका समजून घेताना शिवसेनेच्या भाषेचे स्वरूप ध्यानात ठेवावयास हवे. पक्षाचे प्रमुख स्वतः व्यंगचित्रकार होते. पक्षाची पूर्वपीठिका १९६० साली सुरू झालेल्या ‘मार्मिक’ या व्यंगचित्र-साप्ताहिकात होती. टोपणनावे, नकला, ग्राम्य उपमा आणि यमक हा त्या व्यासपीठाचा स्थायी सरंजाम होता. दाक्षिणात्यांविरुद्धच्या मोहिमेतील ‘लुंगी’ आणि ‘पुंगी’ यांचे यमक जुळविणारी घोषणा अनेकांच्या स्मरणात असेल. थोडक्यात, या व्यासपीठावर सोंगाड्याची जागा रिकामी नव्हती. ती नेत्यानेच घेतलेली होती. दादा तेथे गेले ते नेत्याचा प्रतिध्वनी म्हणून. इतकी लोकप्रियता असूनही ते स्वतंत्र राजकीय शक्ती का बनले नाहीत, याचे एक उत्तर येथे सापडते.

अधिक महत्त्वाचा फरक श्रोत्याच्या भूमिकेत पडतो. रंगमंचावरील अपुरा अर्थ श्रोता हसून पुरा करतो आणि खेळ संपल्यावर घरी जातो. सभामंचावरील अपुरा अर्थ तो कृतीने पुरा करू शकतो. ‘शब्द माझे, अर्थ तुमचा’ हा बचाव पहिल्या ठिकाणी कलेचे तत्त्व ठरतो. दुसऱ्या ठिकाणी तोच जबाबदारी झटकण्याचा मार्ग बनतो. वाक्य तेच, व्याकरण तेच, पण प्रसंग बदलला की अर्थाचे उत्तरदायित्व बदलते. हे विधान एका नटापुरते वा एका पक्षापुरते नाही.

६. दोन तुलना

पहिली तुलना घरातील. निळू फुले हेही सेवा दलाच्या कलापथकातून आले, तेही ‘सोंगाड्या’त होते. पुढे पडद्यावर त्यांनी सत्ताधारी खलनायक रंगविले आणि पडद्याबाहेर ते समाजवादी चळवळीशी जोडलेले राहिले. सामाजिक कृतज्ञता निधीसारख्या कार्यात त्यांनी भाग घेतला. त्यांनी रंगमंचाची भाषा सभेत नेली नाही. सभेत ते साध्या कार्यकर्त्याप्रमाणे बोलत. दोन भाषांतील अंतर त्यांनी राखले, म्हणून त्यांना सनदेचा प्रश्न पडलाच नाही.

दुसरी तुलना दूरची, मेक्सिको देशातील. मारिओ मोरेनो उर्फ कांतिंफ्लास (१९११–१९९३) हा नट तेथील ‘कार्पा’ नावाच्या तंबूतील खेळांतून पुढे आला. कमरेवरून घसरणारी विजार घातलेला शहरी कंगाल हे त्याचे सोंग. दादांची लोंबत्या नाडीची अर्धी विजार येथे कोणालाही आठवेल. पुष्कळ बोलावयाचे आणि काहीच सांगावयाचे नाही, ही त्याची हातोटी. १९३७ मध्ये एका कामगार पुढाऱ्याने वादविवादाचे आव्हान दिले असता, लोंबार्दो तोलेदानो या त्याच्या प्रतिस्पर्ध्याने ‘त्याने कांतिंफ्लासशी वाद घालावा’ अशा आशयाचे उत्तर दिले, आणि राजकारण्यांच्या पोकळ बोलण्याला जणू नाव मिळाले. पुढे त्याच्या नावावरून बनलेले ‘कांतिंफ्लेआर’ हे क्रियापद स्पॅनिश अकादमीच्या कोशात दाखल झाले. परंतु हाच नट नटसंघाचे नेतृत्व करून प्रतिष्ठित झाल्यावर आणि राज्यकर्त्यांच्या जवळ गेल्यावर त्याच्या चित्रपटांत उपदेश शिरला, अशी टीका झाली. भाषा वेगळी, देश वेगळा. सनदेची अट तीच.

याच मेक्सिकोतील अलीकडचे उदाहरण निराळे आहे. दूरचित्रवाणी मालिकांतून प्रसिद्धीस आलेला एदुआर्दो वेरास्तेगी हा नट धार्मिक-परंपरावादी प्रचारक बनला. २०२४ च्या राष्ट्राध्यक्षपदासाठी अपक्ष उमेदवार होण्याचा त्याने प्रयत्न केला, पण आवश्यक तेवढ्या मतदारांचा पाठिंबा त्याला जमविता आला नाही. तो नायकाच्या वर्गातील नट. नायक राजकारणात जाताना आपली प्रतिमा बरोबर नेतो. १९७७ मध्ये तमिळनाडूचे मुख्यमंत्री झालेले एम. जी. रामचंद्रन, १९८३ मध्ये आंध्र प्रदेशाचे मुख्यमंत्री झालेले एन. टी. रामाराव, किंवा दूरचित्रवाणीवर संभाजी महाराजांची भूमिका करून २०१९ मध्ये शिरूरमधून लोकसभेवर गेलेले डॉ. अमोल कोल्हे, ही त्या वर्गाची उदाहरणे. प्रतिमा सत्तेशी सुसंगत असते, कारण नायक पडद्यावरही न्याय देणाराच असतो. सोंगाड्या बरोबर नेतो ती भाषा. आणि ती मुळातच सत्तेची चेष्टा करण्यासाठी घडलेली असते. त्यामुळे सत्तेच्या शेजारी उभे राहिल्यावर तिच्यापुढे दोनच मार्ग उरतात : गप्प बसणे, किंवा दुबळ्यांकडे वळणे.

७. समारोप

दादा कोंडके यांना अश्लील म्हणून टाकून देणाऱ्या समीक्षेने त्यांच्या भाषेतील व्याकरणाचे कौशल्य आणि तिच्यातील राजकीय धार यांकडे दुर्लक्ष केले. त्यांना लोककलावंत म्हणून डोक्यावर घेणाऱ्यांनी त्या भाषेचा रोख कोठे कोठे वळला, हे पाहिले नाही. दोन्ही बाजूंनी माणसाचा निवाडा केला. वाक्याचे परीक्षण केले नाही. आमच्या विषयाच्या विद्यार्थ्यांनी हे काम हाती घ्यावयास हवे. वगाची ध्वनिमुद्रणे, चित्रपटांचे संवाद आणि सभांतील भाषणे शेजारी ठेवून, कर्ता कोठे गाळला आहे, अर्थ कोणाकडून पुरा करून घेतला आहे आणि हशाचा रोख कोणाकडे आहे, या तीन प्रश्नांची नोंद करीत जावे. नटांची चरित्रे त्याने जितकी उलगडतील, त्याहून अधिक आपल्या सार्वजनिक भाषेचे स्वरूप उलगडेल.

मनमाडच्या ज्या चाळींत ‘ह्यो’ आणि ‘न्हाई’ची नक्कल ऐकत आम्ही वाढलो, तेथील निवडणूक सभांत ती रंगबोली आजही कानी पडते. वक्ते बदलतात, पक्ष बदलतात. अपुरे वाक्य सोडून देऊन श्रोत्यांकडे पाहण्याची लकब तीच राहते. श्रोते हसतात. ते कोणाला हसले, हे त्या क्षणी आपल्या वहीत टिपून ठेवणे हे भाषाभ्यासकाचे काम आहे.